ललिता पवार: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

ललिता पवार म्हटलं की दोन गोष्टी चटकन डोळ्यांसमोर येतात. एक, बारीक झालेला डावा डोळा. दोन, सुनेचा जीव नकोसा करणारी सासू. लोकांचे बहुतेक प्रश्नही याच दोन गोष्टींभोवती फिरतात, आणि त्यांची उत्तरं खाली दिली आहेत. पण मूकपटाच्या काळापासून थेट दूरदर्शनच्या ‘रामायण’पर्यंत कॅमेऱ्यासमोर उभं राहिलेल्या या बाईंचं काम एवढ्यात आटोपत नाही. त्यांनी रंगवलेली प्रत्येक कडक बाई वेगळी आहे आणि तिच्या कडकपणामागे तिचं स्वतःचं कारण आहे, असं माझं ठाम मत आहे. उत्तरं देताना ते मी लपवलेलं नाही.

ललिता पवार यांचं मूळ नाव काय? त्या कुठल्या?

मूळ नाव अंबा लक्ष्मणराव सगुण. जन्म १८ एप्रिल १९१६, नाशिक जिल्ह्यातल्या येवल्याचा. येवला पैठणीचं गाव, आणि वडिलांचा व्यापारही रेशमी-सुती कापडाचाच. पवार हे आडनाव पहिले पती, दिग्दर्शक गणपतराव पवार यांचं. ते लग्न टिकलं नाही, पुढे त्यांनी एका चित्रपट-निर्मात्याशी दुसरा संसार थाटला, पण तोवर प्रेक्षकांच्या तोंडी ‘ललिता पवार’ हेच नाव बसलं होतं आणि शेवटपर्यंत तेच राहिलं.

पडद्यावर पहिल्यांदा कधी आल्या?

१९२८ साली, ‘राजा हरिश्चंद्र’ या मूकपटात, बालकलाकार म्हणून. दादासाहेब फाळक्यांचा १९१३ चा ‘राजा हरिश्चंद्र’ वेगळा; नाव एकच असल्यामुळे अनेकांचा घोळ होतो. फाळक्यांच्या चित्रपटाच्या वेळी अंबाचा जन्मही झालेला नव्हता. तिला महिन्याला १८ रुपये पगार मिळत असे, असं सांगतात.

त्या काळात चांगल्या घरच्या मुलीने सिनेमात जाणं म्हणजे नातेवाइकांनी तोंड फिरवण्याचा प्रकार. येवल्यातल्या व्यापाऱ्याच्या घरातली मुलगी बारा वर्षांची असताना तोंडाला रंग लावते, ही गोष्ट आज वाटते तेवढी साधी नव्हती.

त्या कधी नायिका होत्या का?

होत्या, आणि चांगल्या दहा-बारा वर्षं होत्या. खाष्ट सासू पाहत वाढलेल्या पिढ्यांना हे खरं वाटत नाही, पण तिशीच्या दशकात त्यांनी मूकपटांत आणि नंतर बोलपटांत नायिकेची कामं केली. १९३२ च्या ‘कैलाश’ या मूकपटात काम तर केलंच, शिवाय त्याच्या निर्मितीतही त्यांचा वाटा होता. तेव्हा त्या जेमतेम सोळा वर्षांच्या होत्या. १९३८ मध्ये ‘दुनिया क्या है’ हा बोलपट त्यांनी स्वतः काढला.

हा तपशील मला महत्त्वाचा वाटतो. पुढे आयुष्यभर दुसऱ्यांच्या चित्रपटांत चार-सहा प्रसंगांची कामं करणारी ही बाई निर्मितीचा सगळा खटाटोप आतून पाहून आलेली होती. कुठला प्रसंग कशासाठी लिहिलाय आणि त्यात आपलं काम नेमकं काय, याची जी पक्की जाण त्यांच्या कामात दिसते तिचं मूळ मला इथे सापडतं.

बोलपटांच्या सुरुवातीच्या वर्षांत पार्श्वगायन रुळलेलं नव्हतं, त्यामुळे नायिकेला गाता येणं ही नोकरीची अटच होती. ललिताबाईंनीही गाणी म्हटली. १९३५ च्या ‘हिम्मत-ए-मर्दा’मध्ये त्यांचा आवाज आहे.

डोळ्याला नेमकं काय झालं होतं?

१९४२ साली ‘जंग-ए-आझादी’ या चित्रपटाचं चित्रीकरण चालू होतं. एका प्रसंगात मास्टर भगवान यांना त्यांच्या थोबाडीत मारायची होती. हात जोरात बसला. डाव्या डोळ्याजवळची शीर फुटली आणि चेहऱ्याच्या त्या बाजूला अर्धांगवायू झाला. उपचार तीनेक वर्षं चालू राहिले. चेहरा पुष्कळसा सावरला, पण डावा डोळा कायमचा बारीक राहिला.

हे मास्टर भगवान म्हणजेच आपले भगवानदादा, १९५१ च्या ‘अलबेला’चे. ते तेव्हा अगदी नवखे होते आणि त्या घाबरटपणात हात जोरात लागला, असं अनेक ठिकाणी छापलेलं आढळतं. ते काही पटत नाही. भगवान मूकपटांच्या अखेरच्या वर्षांपासून पडद्यावर होते, १९४२ पर्यंत त्यांचा जम बसला होता. मारामारीच्या चित्रपटांत वावरलेला दणकट माणूस होता तो. खोटी थप्पड खरी बसली, एवढीच गोष्ट आहे. तिच्यात खलनायक शोधायला जाऊ नये.

म्हणजे त्या अपघातामुळेच खलनायिका झाल्या?

हा सर्वांत जास्त विचारला जाणारा प्रश्न आहे. ‘हो’ हे उत्तर सोपं आहे, पण ते अर्धंच आहे.

नायिकेचं काम त्यांच्या हातून गेलं ते अपघातामुळे, हे खरं. सव्विसाव्या वर्षी चेहऱ्यावर असा घाव बसल्यावर प्रेमगीतं गाणारी नायिका म्हणून कोण उभं करणार? पण जरा आजूबाजूला पाहा. दुर्गा खोटे, लीला चिटणीस याही नायिका म्हणूनच आल्या आणि पुढे आईच्या भूमिकांकडे वळल्या. त्यांच्या डोळ्यांना काही झालं नव्हतं. तिशी गाठलेल्या बाईला आपला सिनेमा आई नाहीतर सासू करून मोकळा होत असे. ललिताबाईंच्या बाबतीत हे वळण काही वर्षं आधी आलं आणि फार क्रूरपणे आलं.

वयाचे आकडेच मांडले तर हे स्पष्ट होतं. १९५२ च्या ‘दाग’मध्ये त्या दिलीपकुमारची आई आहेत, दिलीपकुमार त्यांच्याहून फक्त सहा वर्षांनी लहान. १९६१ च्या ‘हम दोनो’मध्ये देव आनंद दुहेरी भूमिकेत आहे. त्यातल्या मेजरची आई ललिताबाई, आणि दोघांत अंतर सात वर्षांचं. हातातली ताकद कमी असती तर या आया विनोदी दिसल्या असत्या. ‘हम दोनो’मधली म्हातारी आई दारात आलेल्या तोतयाला आपलाच मुलगा समजून जवळ घेते, तेव्हा वयाचा हिशोब कुणाच्या मनातही येत नाही.

आणि दुसरं असं, की अपघाताने काम मिळत नसतं, हुकतं. अपघातानंतर काम मिळवून दिलं ते १९४४ च्या ‘रामशास्त्री’ने.

‘रामशास्त्री’मध्ये त्यांची कोणती भूमिका होती?

आनंदीबाईंची. प्रभातचा हा चित्रपट, रामशास्त्री प्रभुण्यांच्या भूमिकेत गजानन जागीरदार. राघोबादादांना तोंडावर देहान्त प्रायश्चित्त सांगणाऱ्या न्यायाधीशाची गोष्ट मराठी माणसाला वेगळी सांगायला नको, आणि ‘ध’चा ‘मा’ करणाऱ्या आनंदीबाईंचीही नको. इतिहासकार त्या दंतकथेबद्दल काहीही म्हणोत, लोकांच्या मनात नारायणराव पेशव्यांच्या खुनाचं पातक याच बाईच्या माथी आहे.

अशी भूमिका करताना सगळ्यात मोठा धोका हा, की प्रेक्षक ठरवूनच आलेला असतो. नटीने डोळे वटारले की झालं, टाळ्या ठरलेल्या. ललिताबाईंची आनंदीबाई मात्र नवऱ्याचा हक्क डावलला गेलाय असं मनापासून मानणारी बाई आहे. अठ्ठाविसाव्या वर्षी केलेलं हे काम पुढच्या पन्नास वर्षांची दिशा सांगून जातं.

त्यांनी फक्त सासूच्याच भूमिका केल्या का?

अजिबात नाही. पण सासूबद्दलच आधी बोलू, कारण तिचा धाक खरा होता. कितीतरी मराठी घरांत आजही कडक सासूला मागे ‘आमच्याकडची ललिता पवार’ म्हणतात. १९५० चा शांताराम बापूंचा ‘दहेज’ हे त्याचं एक मोठं कारण. हुंड्यासाठी सुनेला छळणारी सासू त्यांनी त्यात उभी केली. मुलीच्या सासरची हाव पुरवता पुरवता बाप कंगाल होतो, आणि सगळं घेऊन तो दारात पोचतो तेव्हा मुलगी शेवटच्या घटका मोजत असते; तुम्ही एक वस्तू आणायला विसरलात, कफन, असं ती बापाला सांगते. हुंडाबंदीचा कायदा देशात १९६१ साली आला, म्हणजे या चित्रपटानंतर अकरा वर्षांनी. ती सासू प्रेक्षकांच्या अंगावर आली, कारण ती त्यांच्या शेजारी राहणारी होती.

आता बाकीच्या कडक बायका एकेक करून पाहा.

१९५५ च्या गुरुदत्तच्या ‘मिस्टर अँड मिसेस ५५’मध्ये त्या मधुबालाची आत्या झाल्या आहेत. ही सीतादेवी बायकांच्या हक्कांसाठी सभा घेणारी, पुरुषजातीवर विश्वास नसणारी. इस्टेट मिळावी म्हणून भाचीचं एका बेकार व्यंगचित्रकाराशी खोटं लग्न लावायचं आणि लगेच घटस्फोट घ्यायचा, हा तिचा बेत. चित्रपट तिच्या विचारांची खिल्ली उडवतो, आणि मला त्याचा तो भाग आज खटकतो. पण ललिताबाई मात्र तिची खिल्ली उडवत नाहीत. सीतादेवी जे बोलते ते तिला शंभर टक्के पटलेलं आहे, असंच त्या ते बोलतात.

१९५९ च्या बिमल रॉय यांच्या ‘सुजाता’मध्ये त्या घरातल्या वडीलधाऱ्या बाई आहेत. अस्पृश्य मानल्या गेलेल्या अनाथ मुलीला या घराने वाढवलेलं असतं आणि या बाईंना ते मुळीच मान्य नसतं. इथे आदळआपट नाही, कट-कारस्थान नाही. ती पूजाअर्चा करणारी, चार लोकांत मान असलेली बाई आहे. तिचा विटाळ हा तिच्या रोजच्या व्यवहाराचा भाग आहे, आणि म्हणूनच तो जास्त बोचतो. आपल्या आजी-पणजीच्या तोंडून ऐकलेली वाक्यं प्रेक्षकाला तिच्या तोंडी ऐकू येतात. ललिताबाईंच्या सगळ्या नकारात्मक भूमिकांत मी ही वरच्या पायरीवर ठेवतो.

१९६१ च्या ‘जंगली’मध्ये ती शम्मी कपूरची आई होते. या घरात हसायला बंदी आहे. खानदानाची प्रतिष्ठा म्हणजे ओठ घट्ट मिटलेले. ही आई नीट पाहा: मान हलत नाही, खांदे हलत नाहीत, नुसती नजर फिरते आणि खोलीतली सगळी माणसं गप्प होतात. पुढे शम्मी ‘याहू’ करत बर्फात लोळतो त्याची जी मजा वाटते, तिचा पाया आधीच्या अर्ध्या तासात या बाईंनी घातलेला आहे. दाबणारं कुणी नसेल तर उसळणार कोण? चरित्र अभिनेत्याचं काम हेच असतं. नायकाच्या गाण्याला टाळ्या पडतात, पण ती टाळी पिकवणारी जमीन दुसऱ्याने नांगरलेली असते.

आणि लगेच पुढच्याच वर्षी, १९६२ मध्ये, ‘प्रोफेसर’. पुन्हा शम्मी कपूर, पुन्हा कडक बाई. आईच्या उपचारासाठी पैसे हवेत म्हणून तरुण नायक म्हाताऱ्या प्रोफेसरचं सोंग घेऊन दार्जिलिंगला शिकवणीची नोकरी धरतो. मालकीणबाई भाच्यांवर करडी नजर ठेवणाऱ्या, लग्न न केलेल्या. आणि त्या या म्हाताऱ्या प्रोफेसरच्या प्रेमात पडतात. कथा विनोदी आहे, प्रेक्षक हसतातही. पण ललिताबाईंनी तिचं लाजणं इतकं खरं केलंय की हसता हसता आपल्यालाच अपराधी वाटू लागतं. आयुष्यभर कुणी ‘कशी आहेस’ म्हणून विचारलं नाही, असं एक माणूस त्या कडक इस्त्रीच्या आत राहत होतं, हे तेव्हा कळतं. ‘जंगली’ आणि ‘प्रोफेसर’ लागोपाठ पाहा. एकाच साच्यातल्या वाटणाऱ्या दोन बायका किती लांब उभ्या आहेत ते दिसेल.

याखेरीज १९६४ च्या ‘कोहरा’मधली दाई माँ आहे. अंधाऱ्या हवेलीत मेलेल्या मालकिणीची आठवण जपत फिरणारी, नव्या सुनेला आपलं न मानणारी. वहिदा रहमानच्या मागे ती नुसती येऊन उभी राहते आणि अंगावर काटा येतो.

प्रेमळ भूमिका केल्याच नाहीत का?

केल्या, आणि ज्यांनी त्या पाहिल्या नाहीत त्यांनी ललिता पवार पाहिल्याच नाहीत, असं मी म्हणेन.

‘श्री ४२०’ (१९५५) मधली गंगामाई मुंबईच्या फुटपाथवर केळी विकते. अलाहाबादहून आलेला राज तिच्याशी केळ्यांच्या भावावरून उलटी घासाघीस करतो, हा प्रसंग लाखो लोकांना पाठ आहे. त्यात राज कपूर वेडेपणा करतो आणि ललिताबाई त्याला सांभाळून घेतात. बाईंचा फणकारा अस्सल मुंबईचा: आवाज चढलेला, हात गिऱ्हाइकाला झटकून टाकायच्या तयारीत, आणि तोंडावर हसू फुटायच्या बेतात. त्याच क्षणी आपल्याला कळतं की हा पोरगा आता उपाशी झोपणार नाही. माया दाखवायला त्यांना आवाज मऊ करावा लागत नाही. रागावण्यातूनच ती बाहेर येते. आपल्याकडच्या आया-मावश्यांची हीच तऱ्हा नाही का? ‘जेव मेल्या’ म्हणणारी बाई प्रेमळ नसते असं कोण म्हणेल?

‘अनाडी’ (१९५९) मधली मिसेस डिसा ही त्याच्याही पुढची पायरी. हृषिकेश मुखर्जींचा चित्रपट, राज कपूर भोळाभाबडा चित्रकार आणि ही त्याची ख्रिश्चन घरमालकीण. भाड्यासाठी त्याच्यावर ओरडते, आणि ओरडता ओरडता जेवायला वाढते. चित्रपटाच्या उत्तरार्धात भेसळीच्या औषधाने तिचा जीव जातो आणि तिच्या खुनाचा आळ राजवर येतो. म्हणजे कथेचा सगळा भार या एका नात्यावर आहे. मिसेस डिसा प्रेक्षकाला सख्खी वाटली नसती तर पुढचा खटला कोरडा गेला असता.

त्यांचा तो बारीक डोळा इथे पाहा. ‘दहेज’मध्ये त्याची भीती वाटते. ‘अनाडी’मध्ये तोच डोळा मिस्कील दिसतो, काहीतरी ठाऊक असून न बोलणाऱ्या बाईचा. डोळा तोच आहे, बदललाय तो बाकीचा सगळा चेहरा. त्यांचं यश डोळ्यामुळे होतं असं म्हणणाऱ्यांना मी हे दोन चित्रपट शेजारी शेजारी लावून दाखवतो.

१९६१ च्या ‘मेमदीदी’तही त्यांची अशीच मायेची भूमिका आहे. दिग्दर्शक पुन्हा हृषिकेश मुखर्जी.

‘आनंद’मधली मेट्रनसुद्धा डिसाच ना? ती ‘अनाडी’चीच बाई आहे का?

नाव तेच, दिग्दर्शकही तेच, पण बाई वेगळी. ‘आनंद’ (१९७१) मध्ये त्या रमेश देव यांच्या नर्सिंग होममधल्या कडक मेट्रन आहेत. सगळ्या रुग्णांवर धाक, आणि राजेश खन्नाचा आनंद मात्र त्यांना बधत नाही. भूमिका छोटीच आहे. पण ‘अनाडी’ पाहिलेल्या प्रेक्षकाला मिसेस डिसा हे नाव ऐकल्याबरोबर ओळख पटते आणि या बाईच्या आत काय आहे ते वेगळं सांगावं लागत नाही.

मंथरा त्यांनी कितीदा केली?

दोनदा. १९६१ च्या बाबूभाई मिस्त्रींच्या ‘संपूर्ण रामायण’ चित्रपटात, आणि नंतर रामानंद सागर यांच्या दूरदर्शन मालिकेत. पहिल्यात कैकेयी होत्या सुलोचनाबाई, दुसऱ्यात पद्मा खन्ना.

मालिका २५ जानेवारी १९८७ ला सुरू झाली आणि ३१ जुलै १९८८ पर्यंत रविवारी सकाळी चालली. तेव्हा ललिताबाईंनी सत्तरी ओलांडली होती. चित्रीकरण होत होतं उंबरगावला, म्हणजे आपल्या पालघरची हद्द संपते तिथून जवळच. दशरथ बाळ धुरी, कौसल्या जयश्री गडकर, मंथरा ललिता पवार. अयोध्येच्या राजवाड्यात मराठी मंडळींचा चांगलाच वावर होता, आणि बाळ धुरी-जयश्री गडकर हे तर प्रत्यक्षातही पती-पत्नी.

मंथरा ही भारतीय कथांमधली सर्वांत बदनाम दासी. कळलावी बाईला आपण मंथरा म्हणतो. पण मूळ रामायण वाचलं तर रामाच्या राज्याभिषेकाची बातमी ऐकून कैकेयी आनंदाने तिला दागिना देते आणि मंथरा तो फेकून देते. तिला बक्षीस नको आहे. ती कैकेयीच्या माहेराहून आलेली आहे, तिचं सगळं जग म्हणजे तिची राणी. उद्या कौसल्या राजमाता झाली की आपली राणी मागे पडेल, या भीतीने तिला ग्रासलेलं आहे. ललिताबाईंनी हीच भीती पकडली. वाकलेली पाठ, हातात काठी, आणि आवाज आधी रडवेला, मग चिडलेला, मग कानात बोलल्यासारखा खाली आलेला. कैकेयीचं मन पालटतं ते त्या शेवटच्या हळू आवाजाने. त्या प्रसंगाची लय जवळजवळ एकट्या मंथरेच्या हातात आहे.

२०२० च्या टाळेबंदीत दूरदर्शनने मालिका पुन्हा दाखवली तेव्हा नव्या पिढीला त्या पहिल्यांदा भेटल्या. अनेक तरुण मुलांना त्यांची तेवढीच ओळख आहे, म्हणूनही हे सगळं सविस्तर लिहावंसं वाटलं.

सातशे चित्रपट केले हे खरं आहे का?

सातशेहून अधिक हा आकडा सगळीकडे दिला जातो, आणि तो अशक्य मुळीच नाही. १९२८ पासून नव्वदीच्या दशकापर्यंत त्या काम करत होत्या. सत्तर वर्षांत सातशे म्हणजे वर्षाला सरासरी दहा. नायकाला एका चित्रपटासाठी महिनोन्महिने द्यावे लागतात. चरित्र अभिनेत्रीचं काम काही दिवसांत उरकतं. सकाळच्या पाळीत एका स्टुडिओत श्रीमंत विधवा, दुपारनंतर दुसरीकडे झोपडीतली म्हातारी, असं वेळापत्रक त्या काळी नेहमीचंच होतं. यातलं अवघड काम पाळ्या भरण्याचं नाही. मधल्या काळात आधीची बाई अंगावरून उतरवून पुढची चढवायची, तिचं बोलणं, चालणं, वय सगळं बदलायचं, हे अवघड.

अर्थात सातशेच्या सातशे भूमिका सारख्या ताकदीच्या नाहीत. ऐंशीच्या दशकात तर त्यांना बहुतेक वेळा ‘ललिता पवार’ म्हणूनच बोलावलं गेलं. १९८० च्या ‘सौ दिन सास के’ या नावातच सगळं आलं. त्यातली सासू करायला त्या हव्या होत्या कारण लोकांना तेच हवं होतं. त्या भूमिका मी आवर्जून पाहा असं सांगणार नाही.

कोणते पुरस्कार मिळाले?

‘अनाडी’साठी उत्कृष्ट सहायक अभिनेत्रीचा फिल्मफेअर पुरस्कार आणि १९६१ मध्ये संगीत नाटक अकादमीचा पुरस्कार. लक्षात घ्या, ज्या बाईला जग खलनायिका म्हणून ओळखतं तिला फिल्मफेअर मिळालं ते मिसेस डिसासाठी.

मराठी चित्रपटांत त्या कमी का दिसतात?

हिंदीतल्या ढिगाऱ्यापुढे मराठी कामं कमी दिसतात, एवढंच. ‘रामशास्त्री’ आलाच वर. १९५१ चा शांताराम बापूंचा ‘अमर भूपाळी’ आहे, होनाजी बाळाच्या आयुष्यावरचा. ‘घनश्याम सुंदरा’ रेडिओवर लागलं की आपण थांबतो, पण त्या चित्रपटात ललिताबाई आहेत हे किती जणांना आठवतं? मराठी रसिकांनी त्यांना हिंदीवाल्यांच्या हवाली करून टाकलं याचं मला वाईट वाटतं.

दुर्गा खोटे, लीला चिटणीस, सुलोचना आणि ललिता पवार यांच्यात लोक गल्लत करतात. ओळखायचं कसं?

चौघीही मराठी, चौघींनीही हिंदी पडद्यावर आया रंगवल्या, म्हणून गल्लत होते. ‘मुघल-ए-आझम’मधली जोधाबाई दुर्गा खोटे. ‘आवारा’ आणि ‘गाईड’मधली सोशिक आई लीला चिटणीस. मऊ चेहऱ्याची, डोळ्यांत सतत पाणी असलेली सुलोचनाबाई. ‘सुजाता’मध्ये तर सुलोचनाबाई आणि ललिताबाई एकाच घरात आहेत, पालक आई एकीकडे आणि सोवळ्याओवळ्याची बाई दुसरीकडे. फरक तिथे सहज कळेल.

शेवटची वर्षं कशी गेली?

पुण्यात, औंधला. तोंडाच्या कर्करोगाने त्या आजारी होत्या. २४ फेब्रुवारी १९९८ ला त्यांचं निधन झालं. त्या वेळी घरी दुसरं कुणी नव्हतं आणि बातमी उशिरा कळली. ‘पडद्यावर छळणाऱ्या सासूची नियती’ अशा थाटात ही गोष्ट अधूनमधून कुठेतरी लिहिली जाते. ती वाचून मला संताप येतो. भूमिकेतल्या पापाची शिक्षा नटीला लावणं हा कुठला न्याय? पती रुग्णालयात होते, मुलगा मुंबईला. आजारी वृद्ध माणसाच्या वाट्याला येऊ शकणारा मृत्यू त्यांच्या वाट्याला आला, एवढंच म्हणावं.

त्यांचं काम पाहायचं तर सुरुवात कुठून करावी?

‘अनाडी’पासून. मंथरेपासून मुळीच नको, कारण मग पुढचं सगळं त्याच चष्म्यातून दिसतं. ‘अनाडी’नंतर ‘श्री ४२०’, मग ‘जंगली’ आणि ‘प्रोफेसर’ लागोपाठ. त्यानंतर ‘सुजाता’ एकट्याने, शांतपणे. जुन्या मराठीची सवय असेल तर ‘रामशास्त्री’ मिळवाच. आणि घरात कुणाला भुताखेताचे चित्रपट आवडत असतील तर त्यांच्यासाठी ‘कोहरा’ राखून ठेवा. फक्त दाई माँ पडद्यावर असेल तेव्हा वहिदाकडे न पाहता मागे, कडेला उभ्या असलेल्या बाईंकडे पाहत राहा.